बगळी झालेली राजकन्या

बाई, स्वातंत्र्यानंतरच्या त्या वर्षांत तुम्ही ठाण्याच्या आमच्या शाळेत आलात, तेव्हा मी सातवीत होते. स्नेहसंमेलनात आम्ही मुली एरवी टिपऱ्या खेळायचो. यंदा बॅले बसवू, म्हणालात; एक शब्दही न बोलता, नुसत्या नाचातून गोष्ट सांगायची. शापानं बगळी झालेली राजकन्या आणि तिला माणसात आणणारा मिठागरातला मुलगा. गोष्ट तुम्हीच रचलेली. राजकन्या मी. अजून दिसतं, तुम्ही जुनी मच्छरदाणी कापून माझे पंख शिवता आहात आणि दातात दोरा धरून मला मान ताठ ठेवायला सांगता आहात.

संमेलनात टाळ्या थांबेनात. माझ्या वडिलांना मात्र ते रुचलं नाही. ते वकील, शाळेच्या कमिटीवर. चांगल्या घरच्या मुलींना गावासमोर नाचवणं शोभत नाही, असं त्यांनी बैठकीत सांगितलं, आणि सुट्टी लागताना तुम्हाला पुढल्या वर्षी येऊ नका म्हणून कळवण्यात आलं.

त्यानंतर तुम्ही आमच्या घरी आलात. आईनं चहा ठेवला. नोकरीबद्दल तुम्ही अवाक्षर काढलं नाहीत. वडिलांना एवढंच म्हणालात, "मी जाते. पण हिचं नाचणं थांबवू नका." वडील म्हणाले, "शब्द देतो."

त्यांनी तो पाळला. मला दादरच्या क्लासला स्वतः नेऊन सोडायचे, तास संपेपर्यंत बाहेर बाकावर बसायचे. तुम्ही मात्र पुढे कुठे शिकवलंत, कुणी शिकवू दिलं का, हे मी कधी विचारलंच नाही. तुम्ही वारलात तेही फार उशिरा कळलं.

पुढे मुंबईत टीव्ही आला आणि मला मुलांसाठी काहीतरी बसवायला सांगितलं, तेव्हा मी तुमचीच बगळी केली. छोट्या पडद्यावर पाय धड दिसत नाहीत, म्हणून सगळं मानेवर आणि हातांवर आणलं. कार्यक्रमाच्या सुरुवातीला पडद्यावर तुमचं नाव दिलं. शेजाऱ्यांच्या टीव्हीसमोर वडील खुर्चीत बसले होते, थकलेले. नाव वाचून त्यांनी चष्मा काढला. "बाईंनी बघायला हवं होतं," म्हणाले, आणि रडले.

तुमची नोकरी त्यांच्यामुळेच गेली, हे मी तेव्हा बोलून दाखवायला हवं होतं. तुमच्या बाजूनं बोलणारी मी एकटीच उरले होते. मी त्यांच्या पाठीवर हात ठेवला. तुम्ही असतात तरी हे पत्र तुम्हाला पाठवायचं धाडस मला झालं नसतं, बाई. मला त्यांचा राग आला नाही. अजूनही येत नाही.