लाँचर जावा, जिराफ राहावा

४ फेब्रुवारी, बुधवार

आज घरात स्फोट झाला. कारण — गेंडा!

लेकीचा लॅपटॉप दुरुस्तीला गेलाय, म्हणून ती हॉलमधल्या कॉम्प्युटरवर मीटिंगला बसली होती. तिचे साहेब, साहेबांचे साहेब आणि परदेशातले चार गंभीर चेहरे. ती सगळ्यांना आपला तक्ता दाखवायला लागली आणि तेवढ्यात तुतारी वाजली. पडद्यावर लाल फुगे. मधोमध ही मोठी अक्षरं — पुन्हा स्वागत आहे, गोड गेंडा! तुमची फार आठवण येत होती!

साहेबांचे साहेब म्हणाले, "हे कोण?"

गोड गेंडा म्हणजे आमचा जावई. म्हणजे माजी. खेळात घेतलेलं टोपणनाव. निवृत्त झाल्यावर मला करमेना, तेव्हा त्यानेच कॉम्प्युटरवर हा लाँचर बसवला. लाँचर म्हणजे खेळांचा दारवान. काहीही खेळायचं तर आधी याला सलाम ठोकायचा. खातं त्याच्या नावाचं, आत खेळणारा मी. प्राणिसंग्रहालय चालवतो. पुढे लेक आणि तो वेगळे झाले, ती इकडे राहायला आली, पण गेंडा काही घरातून हलला नाही.

"बाबा, पुढच्या गुरुवारी परत मीटिंग आहे," लेक म्हणाली. "तोवर हे गेलं नाही ना, तर मी कॉम्प्युटर दुकानात देईन आणि सगळा पुसून आणीन."

सगळा! म्हणजे माझं प्राणिसंग्रहालयसुद्धा. आणि मामी गरोदर आहे!

मामी म्हणजे जिराफ. सगळ्यांकडे वरून बघते, म्हणून ते नाव. कोणाच्या मामीवरून, ते माझ्या बायकोला, म्हणजे हिला, सांगितलेलं नाही.

५ फेब्रुवारी, गुरुवार

लाँचर काढला. त्याचं चित्र धरलं आणि कचऱ्याच्या टोपलीत टाकलं. मामी जागच्या जागी. उभी जिंदगी मी लिफ्ट तपासण्यात घालवली, मला कोण काय शिकवणार!

६ फेब्रुवारी, शुक्रवार

गेंडा परत आला. तुतारीसकट.

लेक दात घासत होती. ब्रश तोंडात तसाच ठेवून तिने माझ्याकडे बघितलं.  

आता कळलं — मी नुसती दारावरची पाटी काढली होती. दारवान आत पाय पसरून बसलेलाच होता.

७ फेब्रुवारी, शनिवार

आज सेटिंगमध्ये शिरलो. काढून टाकायची खरी जागा सापडली. दाबलं. तर समोर — लाँचर काढल्यास त्यातले सर्व खेळ पुसले जातील. पुढे जायचं? खाली दोन बटणं. 'होय' आणि 'नंतर'. 'नाही' नाहीच! हा कुठला न्याय?

 'नंतर' दाबलं.

मागून ही — "मामीचं कसं आहे?"

"पोट दिसायला लागलंय."

"मग तिच्या आसपास खुडबुड करू नका."

९ फेब्रुवारी, सोमवार

लेक ऑफिसला गेल्यावर कॉम्प्युटरवाल्याला घरी बोलावलं. ऐटीत खुर्चीवर बसला.

"काका, फॉरमॅट मारतो. एकदम कोरा करून देतो."

"आणि जिराफ?"

"कोण जिराफ?"

"आत आहे. गरोदर आहे."

त्याने माझ्याकडे बघितलं. मग आधारासाठी हिच्याकडे बघितलं. ही गंभीरपणे म्हणाली, "पहिलटकरीण आहे हो."

त्याने बॅग उचलली. चहासुद्धा घेतला नाही.

शेवटी जिन्यात जाऊन उभा राहिलो आणि गेंड्याला फोन लावला. वेगळे झाल्यापासून पहिल्यांदाच. चोरून, जणू मीच पळून जाऊन लग्न करतोय!

"हॅलो... अं..." पूर्वी 'बाबा' म्हणायचा. आता काय म्हणावं ते त्यालाही कळेना, मलाही. "बोला ना."

"तो लाँचर आहे ना —"

"माहितीये. मला रोज मेसेज येतोय. 'तुमच्या खात्यात कोणीतरी खुडबुड करतंय, ते तुम्हीच का?'"

"मग?"

"मी 'होय, मीच' दाबतोय."

 मग तोच म्हणाला, "कोण कधी खेळतंय तेही मला दिसतं. दुपारी जेवण झालं की लगेच बसता. गोळी घेऊन बसता ना?"

घेत नव्हतो. "घेतो," म्हणालो. वर आलो आणि आधी गोळी घेतली.

हे काम फोनवर होणार नाही, यावं लागेल, म्हणाला. बुधवारी येतो. हिला सांगितलं. ही म्हणाली, "मी काहीएक ऐकलेलं नाही. किती वाजता येणार?"

१० फेब्रुवारी, मंगळवार

मामी दिवसभर एका जागी उभी. चारा खात नाही. मीही जेवलो नाही. हिने दोघांनाही नावं ठेवली.

११ फेब्रुवारी, बुधवार

काय दिवस होता! नीट लिहून काढतो.

लेक कामाला गेली आणि थोड्या वेळात गेंडा आला. टोपी डोळ्यांपर्यंत ओढलेली. धापा टाकत. लिफ्टमध्ये कोणी ओळखेल म्हणून पाच मजले चढून आला. वाळलाय. हिने दारातच विचारलं, "जेवतोस ना?" आणि उत्तर न ऐकताच आत गेली.

त्याने मला समजावलं. खेळ लाँचरच्या पोटात ठेवलेले असतात, म्हणून लाँचर काढला की पोटासकट जातात. आधी खेळाचं फोल्डर पोटातून काढून दुसऱ्या ड्राइव्हवर ठेवायचं. मी आजवर जे उभं केलं — पिंजरे, तळी, मामी — ते वेगळ्याच ठिकाणी साठतं, त्याचीही कॉपी घ्यायची. मग इंटरनेट बंद करून, लाँचरला न विचारता खेळ उघडतो का बघायचं. उघडला, की लाँचरला निरोप द्यायचा.

"आणि नाही उघडला तर?"

"काही खेळ लाँचरशिवाय हलतच नाहीत. तुमचा जुना आहे. बहुतेक उघडेल."

बहुतेक! असं बोलणाऱ्याला मी लिफ्टच्या खोलीत पाऊल टाकू दिलं नसतं.

कॉपी सुरू झाली. उरलेला वेळ — दोन मिनिटं. मग अकरा तास. मग चाळीस सेकंद. मग पुन्हा तीन तास. आम्ही दोघं त्या हिरव्या पट्टीकडे बघत बसलो, दवाखान्याबाहेर बसतात तसे.

आणि दारात किल्ली फिरली!

मी काही बोलायच्या आत हिने त्याला बाल्कनीत ढकललं, वाळत घातलेल्या चादरींच्या मागे. त्याचे बूट उचलले आणि वॉशिंग मशिनमध्ये टाकले. संसारात एवढी चपळाई मी कधी बघितली नव्हती.

लेक आत आली. डोकं दुखतंय म्हणाली. पट्टी बघून थांबली.

"बाबा, हे काय चाललंय?"

"कॉपी."

"कसली?"

"मामीची."

ती बाल्कनीकडे निघाली — "चादरी काढते, आई." ही म्हणाली, "राहू दे गं, मी काढीन." मी म्हणालो, "मी काढतो!" जन्मात मी कधी चादर काढलेली नाही. लेक पोचली होती. मला इथून स्पष्ट दिसत होतं — चादरीच्या खाली दोन पाय. राखाडी मोजे. एका अंगठ्याला भोक.

ती तिथे उभी राहिली. बराच वेळ. मग वळली.

"ओल्या आहेत अजून," म्हणाली. "राहू देत."

सकाळी सातच्या चादरी. कडकडीत वाळल्या होत्या.

"मी पडते जरा. तासभर मला कोणी उठवू नका." आणि खोलीचं दार लावून घेतलं.

मग उरलेलं काम कुजबुजत झालं. कॉपी संपली. त्याने इंटरनेट काढलं, दुसऱ्या ड्राइव्हवर गेला, खेळाच्या फाइलवर दोनदा टिचकी मारली. पडदा काळा. मी देवाचं नाव घेतलं. आणि फाटक उघडलं! हत्ती, तळं, तिकीट घर, आणि मागे मान वर काढून मामी. गेंड्याने माझ्या खांद्यावर हात ठेवला, मग एकदम काढून घेतला.

मग लाँचर. 'होय'. जाता जाता लाँचरने विचारलं — आम्हाला का सोडून चाललात? कारण निवडा. आवड उरली नाही. वेळ मिळत नाही. दुसरं चांगलं मिळालं. इतर.

गेंडा त्या यादीकडे बघत राहिला. मग 'इतर' निवडलं. खाली रिकामी चौकट आली — कृपया सविस्तर लिहा. त्याने काहीतरी लिहिलं, पुसलं. परत लिहिलं, परत पुसलं. चौकट कोरी ठेवूनच पाठवून दिली.

बूट मशिनमधून काढून देताना ही म्हणाली, "चहा तरी घेऊन जा."

"नको, आई," म्हणाला. म्हणून गेला खरा, मग कानापर्यंत लाल झाला आणि पायऱ्या उतरत पळाला.

१२ फेब्रुवारी, गुरुवार

मीटिंग शांतपणे पार पडली. तुतारी नाही, फुगे नाहीत. संपल्यावर लेक रिकाम्या पडद्याकडे बघत बसून होती.

"गेलं?"

"गेलं."

"बरं झालं," म्हणाली. उठली मात्र नाही.

दुपारी मामीला पिल्लू झालं! जिराफ उभ्या उभ्या वितात. पिल्लू धपकन पडलं, लटपटलं, उठलं. ही डोळे पुसत होती — "मेलं काय उंच आहे!" लेकही येऊन मागे उभी राहिली. मला कोणाला तरी फोन करायचा होता. केला नाही.

१३ फेब्रुवारी, शुक्रवार

सकाळी चहाला लेक म्हणाली, "बाबा, कोर्टाचं काय झालं, तुम्ही कधी विचारलंच नाहीत."

विचारायचं धाडस नव्हतं. तसं सांगितलं.

"शेवटच्या तारखेला मी गेलेच नव्हते. बसच्या रांगेतून परत आले. काल रात्री त्याला फोन करून तेवढं कबूल केलं." कपातला चमचा फिरवत राहिली. "तर तोही गेला नव्हता!"

म्हणजे सात महिने घटस्फोट झालेलाच नव्हता! दोघांनाही वाटत होतं, आपण तारखेला गेलो नाही म्हणून दुसऱ्याला राग आला असेल, म्हणून तो बोलत नाही.