भुजंगप्रयातात बोहल्यापर्यंत

मुलुंड, १० एप्रिल १९८६

चि. सौ. कुंदास,

श्यामदादाचे आशीर्वाद. आम्ही सगळे बरे, म्हणजे या वयात जितके असावे तितके. तुझे गुडघे, यजमानांचा रक्तदाब आणि चेंबूरचं पाणी, तिघांची खुशाली कळव.

तुझ्या मृणालिनीच्या लग्नाला अण्णा कसे येणार, असं विचारलंस. त्यांनी परस्पर ठरवलंय की नातीला बोहल्यावर मामा नव्हे, आजोबा आणणार. (मामाला, म्हणजे मला, विचारलं नाही, कळवलं.) कंपवाताला मात्र हे कोणी कळवलेलं नाही. हात थरथरतात त्याचं काही नाही, कप अर्धा भरला की भागतं. पण पाय मध्येच जमिनीला चिकटतात. परवा उंबरठ्याशी पंधरा मिनिटं उभे. मी चपला शोधताना सवयीने 'लगागा लगागा' पुटपुटलो आणि पाय निघाले की! साक्षात भुजंगप्रयात. डॉक्टर म्हणाले, ठेका मिळाला की असं होतं. अण्णांनी चाळीस वर्षं शाळेत संस्कृत शिकवल्याचं खरं निवृत्तिवेतन आता सुरू झालं म्हणायचं.

लहानपणी रविवारी पवईच्या तळ्यापर्यंत न्यायचे, आठवतं? ते पुढे झपाझप, आपण मागे वृत्तं घोकत धापा टाकतोय. चुकलं की पुन्हा पहिल्यापासून. तू दमलीस की मुद्दाम चुकायचीस, कारण तेवढ्यापुरते ते थांबायचे. (ओरडा मला.) आता मी पुढे, लगागा करत उलटा चालतो, आणि ते मागून येतात. मंडईत सगळे बघतात.

काल मला हुशारी सुचली. रोज तेच नको म्हणून शार्दूलविक्रीडित धरलं. त्यात बाराव्या अक्षराला यती, म्हणजे क्षणभर विसावा. अण्णांनी जन्मात यतिभंग केलेला नाही. थांबले ते थांबलेच, भर रस्त्यात. मागे रिक्षांची रांग. पहिल्याच रिक्षात आपला शेजारी धोंडिराम. (गिरणी बंद पडल्यापासून तो रिक्षाच चालवतो.) म्हणाला, "मास्तर, न्यूट्रलला पडलात काय?" अण्णांनी शांतपणे माझ्याकडे बघितलं. "श्याम, वृत्त बदल."

तुझा,
श्यामकांत

ता. क. : खरं काम आता. मंगलाष्टकं शार्दूलविक्रीडितात असतात. मृणालिनी खोलीतून निघताच गुरुजींनी सुरुवात केली, तर अण्णा हॉलच्या मधोमध उभे राहतील आणि मुहूर्त टळेल. तेव्हा दोघं बोहल्यावर पोचेपर्यंत गुरुजींना गप्प बसव आणि तू पुढे उभी राहून खणखणीत लगागा म्हण. व्याह्यांना काय वाटायचं ते वाटू दे.

ता. क. २ : खाली मुंग्या चालल्यात ते अण्णांचं अक्षर. हल्ली इतकंच बारीक येतं, भिंग घे.

कुंदे, चालत येतो. श्यामचा आवाज फाटका आहे, म्हणून तू म्हण, असं त्याला लिहायला लावलं.