डबल बेल

११ जानेवारी १९८३
वसंताला आज गाडी मिळाली होती. त्याने काढली नाही. सिन्नरची सकाळची फेरी. गाडी फलाटाला लावली, माणसं बसली, कंडक्टरने डबल बेल दिली आणि हा स्टिअरिंग धरून बसून राहिला. पुन्हा डबल बेल. मग मागून आरडाओरडा. शेवटी दुसऱ्या ड्रायव्हरला बोलावलं. वसंता उतरला तो चालत थेट घरी.
सुमनने चहा पुढे केला, तो तसाच गार झाला. नवऱ्याला विचारायचं तिला धाडस होईना, म्हणून थोरला भाऊ या नात्याने मी विचारलं. म्हणाला, "दादा, पाय क्लचवरनं उठलाच नाही."
मी प्रेसला गेलो. उद्याच्या पेपरचं पहिलं पान लावायचं होतं.

१४ जाने.
सप्टेंबरातल्या अपघातानंतर तो डेपोत हलक्या कामावर होता. मंगळवारी पहिल्यांदाच गाडी दिली, तर हे असं.
चौकशीत दोघंही निर्दोष. हा आणि कंडक्टर गावित. चांदवडच्या अलीकडे विनंती थांबा आहे. माणूस उतरला, गावितने दार लावून डबल बेल दिली, याने गाडी सोडली. उतरलेला माणूस मागच्या चाकापाशी पडलेलं काहीतरी उचलायला वाकला होता. कुणालाच दिसला नसता. बेल म्हणजे जा. हा गेला. तो माणूस चाकाखाली जागीच संपला.
आमच्याकडे चार ओळींची बातमी आली होती. शेवटची ओळ, चालक व वाहक यांना इजा नाही. बातमीपुरती ओळ बरोबर होती.

१७ जाने.
डेपो मॅनेजरने बोलावून सांगितलं. फेब्रुवारीअखेर ट्रायल. इन्स्पेक्टर सोबत बसणार, नाशिक ते चांदवड आणि परत, प्रवाशांसकट. जमलं तर ड्रायव्हर. नाही तर कायमचा वर्कशॉपला हेल्पर. मॅनेजर माणूस बरा. म्हणाला, मी एवढंच लांबवू शकतो.
हेल्परचं काम कमी प्रतीचं असं वसंता म्हणत नाही. पण आमच्या गावात ज्या ओट्यावर बापाला बसू दिलं नाही, त्याच ओट्यावरचे लोक वसंताची गाडी आली की उठून यायचे. ड्रायव्हरसाहेब, दोन मिनिटं थांबा, म्हातारी येतेय. हा थांबायचा. म्हातारीला हात देऊन चढवायचा. ते सगळं त्या खाकी सदऱ्यात आहे. सदरा इस्त्री करून खुंटीला आहे. सुमन रोज झटकते, परत टांगते.

२४ जाने.
सरकारी दवाखान्यात मनाच्या आजारांचा डॉक्टर बसतो, हे कचेरीतल्या एकाने सांगितलं. वसंता तयार नव्हता. "वेड्याच्या डॉक्टरकडे नेता का मला?" सुमनने चपला पुढे ठेवल्या आणि म्हणाली, मीपण येते, दोघं वेडे ठरू. तेव्हा उठला.
बाहेर बाकावर जागा नव्हती. भाजलेली एक बाई. सीमेवरून परतलेला एक जवान, दार आपटलं की उभा राहणारा. पोरगं विहिरीत गेलेला एक बाप. सगळे आपल्यासारखेच. डबे आणलेले, रजा टाकलेली.
डॉक्टर तरुण, घाईत, पण ऐकणारा. म्हणाला, हे वेड नाही, भित्रेपणाही नाही. मोठा धक्का बसला की माणूस कामाला लागतो, शरीर लागत नाही. शरीर त्याच जागी थांबून राहतं. असे लोक रोज बघतो, येत नाहीत ते याच्या कितीतरी पट. औषध झोपेपुरतं दिलं. म्हणाला, टाळाल तेवढं वाढेल. थोडं थोडं, सोबतीने, समोर जा.
येताना वसंता एकच बोलला. "त्या जवानाला पाहिलं का दादा? केवढा धिप्पाड."

३० जाने. रविवार
सुमनने आज कांदे चिरताना सहज सांगितलं. मला हे ठाऊक नव्हतं, नवऱ्यालाही नसावं. लहानपणी गावात वरून ओतलेलं पाणी ओंजळीत प्यायची. शहरात शिक्षिका झाली, स्टाफरूममध्ये सगळ्यांचा एकच माठ. कुणी अडवत नव्हतं. तरी माठाजवळ गेली की हात आपोआप मागे. कितीतरी दिवस घरून बाटली नेली. सगळे समजायचे, बाई स्वच्छतेच्या फार.
वसंता म्हणाला, मग?
"मग काय. रोज मधल्या सुट्टीत जायचं, पेला बुडवायचा, प्यायचं. तहान असो नसो. हात थरथर कापायचा. एक दिवस कापला नाही. नंतर परत कापला. आता नाही कापत. कधीमधी कापतो."
कांद्याने तिघांचेही डोळे पाणावलेले. सोयीचं झालं.

५ फेब्रु.
वसंताचा डबा घेऊन डेपोत गेलो होतो. ड्रायव्हरांच्या विश्रांतीच्या खोलीत शेकोटीसारखा घोळका. मधोमध इस्माईलभाई, मालेगावचे, सगळ्यांत जुने. वसंताला बघून म्हणाले, "आओ नवरदेव. बेल वाजली तरी बोहल्यावर चढत नाही म्हणे." हशा. वसंता डबा उघडत राहिला. मला राग आला, गिळला.
मग वसंता मान खाली घालूनच बोलला. आवाज चढला नाही. "इस्माईलभाई, बेल ऐकली की मला चाकाखाली काहीतरी लागल्यासारखं होतं. दर वेळी. मी डॉक्टरला दाखवलं."
मला वाटलं, आता उठून जावं.
इस्माईलभाई गाडी काढण्याआधी रोज वाकून चारही चाकांखाली बघतात. डेपोभर थट्टा, भाई गाडीची कुंडली बघतात. ते विडी विझवून म्हणाले, "मला काय हौस आहे वाकायची? गुडघे गेले. मनमाडच्या रस्त्याला एक बच्चा होता. तेव्हा तुम्ही कुणी भरती नव्हता झाला." मग, "घरवालीलापण नाही सांगितलं."
मग दुसरा एक. तो रेल्वे फाटक ओलांडताना मोठ्याने गाणं म्हणतो, प्रवासी हसतात. का म्हणतो ते आज सांगितलं. मग तिसरा. रोज बघितलेल्या सवयी, ज्यांवर सगळ्यांनी विनोद केलेले, आणि प्रत्येकाच्या खाली एकेक जागा, एकेक रस्ता. इतके जण. माझ्या ओळखीच्या खोलीत.
डबे तसेच राहिले. ड्यूटीच्या चार्टवरची नावं पुकारली तेव्हा सगळे गडबडीने उठले. जाताना इस्माईलभाईंनी वसंताच्या पाठीत एक धपाटा घातला. बराच जोरात.

९ फेब्रु.
वसंताला ट्रायलला कंडक्टर म्हणून गावितच पाहिजे. मॅनेजर म्हणाला, तोच का? अपघातापासून हे दोघं एकमेकांशी बोललेले नाहीत. वसंताला वाटतं, गावितचा आपल्यावर राग. गाडी याने सोडली.
संध्याकाळी दोघं भाऊ गावितच्या खोलीवर गेलो. सुरगाण्याकडचा माणूस, हळू बोलणारा, एकटा राहतो. आम्हाला दारात बघून घाबरला. त्याच्या गाड्या हल्ली उशिरा पोचतात, मेमो मिळतात. प्रत्येक थांब्याला तो खाली उतरून मागपर्यंत जातो, परत येतो, परत जातो. मग बेल.
वसंता म्हणाला, "माझ्यावर राग आहे ना?"
"तुमच्यावर? बेल मीच मारली ना. तुम्ही काय, बेल झाली, गेले. मीच मारली." परत परत तेच. "तुमचा पाय अडला ऐकलं, तेव्हा समजलो, तुम्ही माझी बेल मोजत नाय आता."
इतके महिने दोघं एकमेकांना टाळत होते, आणि दोघंही समोरच्याच्या रागाला भीत होते. राग कुणाकडेच नव्हता. गावितने नागलीची भाकर आणि चटणी वाढली. जेवलो.

१३ फेब्रु. रविवार
इस्माईलभाईंनी मॅनेजरकडून परवानगी काढली. वर्कशॉपमागच्या मैदानात एक जुनी गाडी, दुपारी. आत तिघं आणि मी. भाई बॉनेटशेजारी पाय पसरून.
गावित दोरी धरून उभा. वसंता क्लच दाबून बसलेला. बेल नाही. वसंता म्हणतो, तू मार. गावित म्हणतो, तुम्ही तयार आहे का सांगा. तयार आहे. नक्की? असं बराच वेळ. भाई म्हणाले, "लग्न लावायचं का दोघांचं?"
बेल झाली. गाडी हलली नाही. वसंताला घाम फुटला, खाली उतरून ओकला. गावित त्याच्या पाठीवरून हात फिरवत स्वतःच रडायला लागला.
घरी सुमनने विचारलं, काय झालं? वसंता म्हणाला, आज नाही झालं. "आज" म्हणाला. मी ते ऐकलं.

१६ फेब्रु.
हलली. मैदानाला अर्धा फेरा. भाईंनी खिडकीबाहेर तोंड काढून शिट्टी घातली, वर्कशॉपमधले पोळीचा घास हातात घेऊन बाहेर आले.
मी प्रेसला जाताना रस्त्यात एकटाच हसत होतो. पानवाल्याने विचारलं, काय साहेब, लॉटरी?

१९ फेब्रु.
आज परत अडलं. कारण काही नाही. डॉक्टर म्हणाला होताच, सरळ रेघेत होणार नाही. वसंताला सांगितलं. तो म्हणाला, "दादा, रेघ राहू द्या. ट्रायल गुरुवारी आहे."

२४ फेब्रु.
रजा टाकून प्रवासी म्हणून गेलो. तिकीट गावितनेच फाडलं, ओळख दाखवली नाही. इन्स्पेक्टर पुढच्या बाकावर, मांडीवर फाइल. हसणारा चेहरा नाही. सुमन सकाळी दारापर्यंत आली, सदऱ्याची कॉलर नीट केली, म्हणाली, जयभीम, नीट या.
ओझर ठीक. पिंपळगाव ठीक, बेलनंतर श्वासभर उशीर, पण ठीक. दोन्ही बाजूंना द्राक्षांचे मांडव, कांद्याने भरलेले ट्रॅक्टर.
तो थांबा आला. उतरणारा होताच. एक म्हातारा, गोणी घेऊन. गावितने त्याला खाली उतरून रस्त्याच्या कडेला नेऊन उभं केलं, मागचं चाक बघितलं, वर आला, दार लावलं. दोरी धरली. बेल नाही.
मागून कुणी ओरडलं, "मास्तर, झोपला काय?"
इन्स्पेक्टर मागे वळून बघायला लागला. वाटलं, संपलं.
वसंता मागे न बघता म्हणाला, "गावित, मार."
डबल बेल. इंजिन घरघरतंय. गाडी जागच्या जागी. मी वसंताची मान बघतोय, मानेवर घामाची धार.
"परत."
डबल बेल. एक बाई शेजारणीला म्हणाली, देवळात आलो का आपण? लोक हसले.
इन्स्पेक्टर म्हणाला, "काय प्रॉब्लेम आहे?"
"साहेब, इथे मला थोडा वेळ लागतो. पण मी जाणार आहे." मग, "गावित, परत."
या वेळी बेल खणखणीत वाजली. गावितने पूर्ण हात खाली आणला होता. आणि गाडी सुटली. झटका नाही, काही नाही, लोण्यातून सुरी जावी तशी. बाई म्हणाली, पावला एकदाचा.
चांदवडला चहा. इन्स्पेक्टर लांब उभा राहून प्यायला.
परतताना त्याच थांब्यावर कुणी हात केला नव्हता, कुणाला उतरायचं नव्हतं. वसंताने गाडी कडेला घेतली आणि उभी केली.
इन्स्पेक्टर, "कोण उतरतंय?"
"कुणी नाही साहेब."
गावित खाली उतरला, मागपर्यंत गेला, एकदाच. वर आला. डबल बेल. गाडी गेली. पहिल्याच बेलला.
माझ्या शेजारी कांद्याचा एक व्यापारी होता. म्हणाला, तुम्हाला बरं नाही का? म्हटलं, फार बरं आहे.

१ मार्च
निकाल. पास, पण पूर्ण नाही. तूर्त जवळच्या फेऱ्या, जूनमध्ये परत ट्रायल. हायवे तेव्हा ठरेल. मॅनेजर म्हणाला, इन्स्पेक्टरने शेरा चांगला दिला, काय लिहिलं ते सांगता येत नाही.
सुमनने शाळेत पेढे वाटले. कशाचे म्हणून विचारलं तर म्हणाली, मिस्टरांची गाडी सुटली म्हणून. कुणाला कळलं नाही, सगळ्यांनी खाल्ले.
इस्माईलभाई घरी आले होते. चाकांखाली अजून वाकतात. म्हणाले, ते चालूच राहणार, पण आता कुंडली म्हटलं की मीपण हसतो. गुडघ्यांचं तेवढं बघा म्हणाले.

६ मार्च, रविवार
दोन रात्री वसंता नीट झोपला नाही. काल पंचवटीच्या स्टॉपवर परत थोडं अडलं. गावितने न सांगता दुसऱ्यांदा मारली. गेला.

८ मार्च
आज वसंताची सुट्टी. सकाळी उठलो तर खुंटीवर सदरा नाही. सुमन शाळेच्या गडबडीत. म्हणाली, गेले पहाटे, डबा घेऊन. ड्यूटी नसताना कुठे, ते तिलाही माहीत नाही.
दुपारी आला, धुळीने भरलेला. पेठ रूटच्या एका ड्रायव्हरच्या केबिनमध्ये बसून गेला होता, घाटातून, जाऊन येऊन. त्या माणसाने काल विश्रांतीच्या खोलीत याला बाजूला घेऊन एवढंच विचारलं होतं, उद्या माझ्याबरोबर बसशील का.
मी विचारलं, काय झालंय त्याला?
वसंता पाय धूत होता. म्हणाला, "अजून सांगितलं नाही त्याने. परवा परत जायचंय."