न्यूजरील सुरू असताना

३ नोव्हेंबर, दिग्रस
पुण्याहून पायल नावाच्या मुलीचा फोन. जुन्या न्यूजरील कॅमेरामन लोकांवर फिल्म करते आहे. शेवटी जगाला जाग आली! पूर, धरणं, पुढाऱ्यांच्या सभा, सगळं मी शूट केलं, आणि देशभर थिएटरात पिक्चरच्या आधी ते दाखवलं गेलं. आता रोज सकाळी बोलण्याची प्रॅक्टिस. बायको, सुग्राबी, गेल्यापासून घर खायला उठतं, पण प्रॅक्टिसला शांतता लागतेच.

५ नोव्हेंबर
प्रॅक्टिस उद्यापासून. घसा खराब. जिनिंग मिलचा कापूस उडतो. फैजला नागपूरला फोन करून मुलाखतीला बोलावलं. 'बघतो, अब्बा,' म्हणाला. म्हणजे येणार.

९ नोव्हेंबर
पायल आली. फैज नाही. ट्रॅफिक असेल.
लायटिंग मीच करून घेतलं, तिचं चुकत होतं. तिने कॅमेरा सुरू केला आणि मी गप्प. हातात कॅमेरा धरून शूट करताना श्वास रोखायचा, नाहीतर फ्रेम हलते. जन्माची सवय. समोरचा कॅमेरा दुसऱ्याचा असला तरी श्वास रोखला जातोच. पायलला वाटलं, अटॅक आला. पाणी पाजलं. परत टेक, परत तेच. याला शिस्त म्हणतात. हल्लीच्या पोरांना काय कळणार.

१० नोव्हेंबर, सकाळ
आयडिया! साक्षीदार आणायचा. शेजारचा उकंडा टॉकीजच्या दारात फुटाणे विकायचा. पब्लिक माझं काम कसं डोळे फाडून बघायची, ते तोच सांगेल.

१० नोव्हेंबर, संध्याकाळ
उकंडा कॅमेऱ्यासमोर एकदम मोकळा. म्हणाला, 'न्यूजरील लागली का सारी पब्लिक भाईर निंगे. बिडी, लघवी, फुटाणे. माहा सारा धंदा तेवढ्यातच होये. मुख्तारभाईचे लय उपकार हायेत.'
पायल हसून हसून लाल. पुढे दिवसभर त्यालाच शूट केलं.
उकंड्याशी बोलणं बंद.

१८ नोव्हेंबर
उकंडा रोज दारावरून जातो. मी पेपर वर धरतो. दिवसभरात दुसरं कोणी जात नाही. फैजचा फोन नाही. रेंज नसेल.

२१ नोव्हेंबर
पायलचा मेसेज. उकंडाकाकांचा भाग सुरेख झालाय म्हणे. माझा लाइट लावतानाचा एक शॉट तिने ठेवलाय. त्यावर कॉमेंट्री दुसऱ्याची.

२२ नोव्हेंबर
राहवलं नाही. उकंड्याकडे गेलो. विचारलं, बाकीचे गेले खड्ड्यात, तू तरी माझी एखादी न्यूजरील पाहिलीस ना?
'मी भाईर टोपली घेऊन बसो. मले आत कोन सोडे?' म्हणाला. मग म्हणाला, 'सांगा ना आता. काय दाखवे तुमी?'
डोळ्यांत पाणीच आलं. पुरापासून सुरुवात केली. गळ्याएवढं पाणी, डोक्यावर कॅमेरा, समोर छपरावर एक बाई कोंबडी कवटाळून उभी. आवाज खणखणीत. एकदाही अडखळलो नाही. थोड्या वेळाने बघतो तर उकंडा खुर्चीतच झोपलेला. मी पूर ओसरेपर्यंत सांगत राहिलो.