जोडीचा पट्टा

१८ नोव्हेंबर, मंगळवार
धान कापून बांधीत पडला आहे अन मी नागपूरले. घरी सांगतलं, कुस्ती कंपनीचं काम आहे. खोटं.
दिलीपसोबत गेलो. आता लिहायचं तर सरळ लिहितो. सहा वर्षं रिंगमध्ये माझा जोडीदार, त्याच्या आधीपासून माझा साळा. माझ्या बायकोचा, पुष्पाचा लहान भाऊ. रिंगमधलं माझं नाव बादल, त्याचं बिजली. पोस्टरवर तो पुढं, मी मागं.
डॉक्टरनं मानेचा फोटो उजेडाले धरला. मणक्यातली गादी सरकली, नस दबून राहिली. म्हणून डाव्या बोटायले मुंग्या. विचारलं, काम काय करता? दि. म्हणाला, शेती. डॉक्टर म्हणे, डोक्यावर ओझं घेऊ नका, पडू नका. आणखी एक जोराचा मार बसला तर हातपाय जाऊ शकतात.
पडू नका! आमचा धंदाच पडायचा.
येताना बसमध्ये त्यानं माझा हात धरला. "भाऊजी, कोणालेच सांगू नोका. ताईले तर नाहीच. पोरीकडच्यायले समजलं तर सोयरीक मोडलीच समजा." मंग म्हणे, "ताईच्या डोक्याची आण आहे तुमाले."
आण घेतली. भंडाऱ्याच्या स्टँडवर उतरून चहा पेलो.

२० नोव्हेंबर, गुरुवार
वस्तादचा फोन. आमच्या कुस्ती कंपनीचा मालक, हार-जीत आधीच तेच ठरवतेत, सगळे वस्तादच म्हणतेत. कंपनीले दहावं वर्ष. लाखनीले ४ जानेवारीले मोठा शो. म्हणे, "तू रोज डायरी लिहितं, अक्षर चांगलं आहे. जोडीच्या पट्ट्याचा इतिहास लिहून दे. कोणत्या जोडीनं कुठं जिंकला, किती दिवस ठेवला, सगळं. माइकवर वाचू."
मले बरं वाटलं, खोटं कायले बोलू. जुन्या डायऱ्या पेटीतून काढल्या. पुष्पा म्हणे, "मळणीचं काय?" उद्या.

२३ नोव्हेंबर, रविवार
मळणी झाली. अंग दुखून राहिलं, तरी लिहायले बसलो.
पट्टा बनला तेव्हा मी रिंग बांधायच्या कामाले होतो. भंडाऱ्याच्या कासारानं पितळेच्या ताटातून त्याची पाटी ठोकून दिली होती. एका बाजूनं जरा वाकडी. आता पट्टा आमच्या जोडीकडं आहे, अजूनही पोटाले टोचते.
पहिली जोडी पवनीचे दोघं सख्खे भाऊ. दोन वर्षं कोणाले हात लावू दिला नाही. मोठ्याले जंगलखात्यात नोकरी लागली, मंग लहान्यानं एकट्यानं पट्टा आणून वस्तादच्या टेबलावर ठेवला. तो चांगला लढायचा. पण एकट्याचा पट्टा नसते हा.
तिसऱ्या जोडीनं एसटीत विसरला होता. कंडक्टरनं आठ दिवस गळ्यात घालून तिकिटं फाडली म्हणतेत. हे लिहू का? लिहितो.
चौथी जोडी, मारोती अन त्याचा जोडीदार. इथं पेन थांबला. माझ्या डायरीत त्या दिवशी एकच ओळ: "मारोती उठला नाही."

२६ नोव्हेंबर, बुधवार
वस्तादले गाठलं. म्हणलं, पट्टा आमच्याकडून लवकर उतरवा, पुढच्याच शोत. नव्या पोरायले द्या.
"काहून?"
काहून ते सांगता येत नाही. म्हणलं, थकलो.
"लाखनीलेच उतरवतो. बॅनर छापून झाले. शेवट पण ठरला आहे. कालिया बिजलीले उलटा उचलते, डोक्यावर आपटते, एक-दोन-तीन. लोक रडले पाहिजेत."
कालिया म्हणजे समोरच्या जोडीतला, एकशेदहा किलोचा.
मी म्हणलं, मले आपटा ना, मी वयानं मोठा. वस्ताद हसले. "बाबा, तुले आपटलं तर कोण रडन? लोकं बिजलीले पाहायले येतेत. तुझं काम कोपऱ्यात उभं राहून हात लांब करायचं."
खरंच आहे. तरी लागलं.

३० नोव्हेंबर, रविवार
एकोडीले गेलो, मारोतीकडं. पुष्पाले म्हणलं, तारखा विचारायच्या आहेत.
ओसरीत खाटेवर होता. कंबरेखाली काहीच नाही, हातही अर्धेच चालतेत. बायको धान वाळू घालून राहिली होती, ती आली, त्याले टेकून बसवलं, परत गेली. चेहरा तोच. आवाज तर अजून रिंगमधला.
"माइकवर माझ्याबद्दल काय सांगतेत रे?"
"विदेशात गेला म्हणतेत."
"कोणत्या देशात?"
"देश ठरवला नाही."
लय हसला. खोकला लागला तेव्हा मी पाणी पाजलं.
मंग म्हणाला, पडायच्या आधी माझी मान दोन महिन्यांपासून दुखत होती. जोडीदाराले माहीत होतं. मीच त्याले म्हणलं होतं, चूप राहा. तो राहिला. "आता तो महिन्यातून एकदा येते. वांगे आणते, टमाटर आणते. खाली पाहून बसते, खाली पाहूनच जाते. मी त्याच्यावर नाराज नाही, पण त्याले ते खरं वाटत नाही."
निघताना म्हणाला, "तू तारीख विचारायले नाही आला."
मी गाडीले किक मारली. तारीख विचारायची राहूनच गेली.

७ डिसेंबर, रविवार
दि.चं साक्षगंध झालं. मोहाडीले, त्याच्या घरासमोर मांडव. पोरगी तुमसरकडची, डी.एड. झाली आहे, हसते चांगली. पुष्पा नाचली. लग्नानंतर तिले असं पहिल्यांदा पाहिलं.
पोरीच्या मामानं पट्टा मागवला, फोटोसाठी. म्हणे, जवाई चॅम्पियन आहे आमचा. दि.नं उजव्या खांद्यावर घेतला. मामा म्हणे, डाव्या खांद्यावर घ्या, तिकडं पोरगी आहे. दि. हसून म्हणाला, उजवा शुभ असते. सगळे हसले. मी पण हसलो. डावा हात त्यानं खिशात घातला होता.
जेवताना पुष्पा म्हणे, "तुमी खुश नाही दिसून राहिले?" पोट भारी आहे म्हणलं.

१४ डिसेंबर, रविवार
मोहाडीचा शो. दुपारी चारचा. दि.चं स्वतःचं गाव, त्याच्या होणाऱ्या सासरची मंडळी पहिल्या लायनीत.
मी ठरवूनच गेलो होतो. घंटी वाजली, आत मी गेलो, अन मंग त्याले आत येऊच दिलं नाही. हाताले हात लागल्याशिवाय जोडीदाराले आत येता येत नाही. कोपऱ्यात त्याचा हात दोरावरून लांब केलेला. मी दोन पावलांवर यायचो अन वळायचो. पहिले पाच मिनिटं लोकायले वाटलं खेळ आहे. मंग ओरडायले लागले. "हात दे बे! हात दे त्याले!" एका म्हातारीनं चप्पल भिरकावली. वीस मिनिटं एकट्यानं दोघांचा मार खाल्ला. रेफरी कानात म्हणे, पागल झाला का? शेवटी मीच एकाले पाडलं, पट्टा राहिला.
कंपनीच्या ट्रकच्या मागं दि.नं माझी कॉलर धरली. एकाच हातानं.
"सगळ्या गावासमोर मले बाहुला केलं तुमी."
"तुझी मान..."
"माझी मान आहे! तुमची नाही!"
त्याच्या डोळ्यात पाणी होतं. वस्ताद आले तेव्हा आम्ही दोघांनीही हसून दाखवलं.

१६ डिसेंबर, मंगळवार
शोचा व्हिडिओ पुष्पाच्या मोबाइलवर आला. तिनं दोनदा पाहिला. मंग माझ्याजवळ येऊन एकदम हळू विचारलं, "माझ्या भावाले हात काहून नाही देला?"
तसं ठरलं होतं म्हणलं.
"नाही ठरलं. आईनं सांगतलं मले, तो घरी येऊन जेवला नाही. त्याचं नाव होऊन राहिलं, लग्न होऊन राहिलं, म्हणून जळता का तुमी त्याच्यावर?"
तिच्या डोक्याची आण, अन तीच समोर.

२१ डिसेंबर, रविवार
पुष्पा कामापुरतं बोलते. भाजी कोणती, पंप चालू करा. बस.
इतिहास पूर्ण करून वस्तादले देला. अकरा पानं. मारोतीचं खरं लिहिलं: मानेवर पडला, आता एकोडीले आहे, त्याच्यासाठी एकदा टाळ्या वाजवा. वस्तादनं तिथंच पेन काढून ओळ खोडली. "विदेशात गेला" लिहिलं. म्हणे, लोक मजा घ्यायले येतेत.
तेव्हाच सांगून टाकावं वाटलं. जिभेवर आलं होतं. वस्तादले सांगतलं तर ते जोडी मोडतीन, काहून मोडली ते चार तालुक्यात होईन, अन पोरीचा मामा फोटो परत करन. नाही सांगतलं तर ४ तारीख.
सोडून देऊ का? मी नाही गेलो तर वस्ताद दुसरा बादल उभा करतीन. त्याले काय माहीत, कोणाले हात द्यायचा अन कोणाले नाही.

२९ डिसेंबर, सोमवार
कालियाच्या घरी गेलो. म्हणलं, त्याले उचलू नोको, मले उचल. तो म्हणे, वस्तादनं सांगतलं तसंच करीन भाऊ, मले पण घर आहे. वाईट माणूस नाही तो. चहा पाजला. तालमीत फेकताना किती जपून फेकते, पण जपून फेकलं तरी ते डोक्यावरच.
दि.ले फोन केला. तीन वेळा. उचलला नाही.

४ जानेवारी, रविवार
लाखनी. हायवेच्या बाजूचं मैदान, संध्याकाळचे सहा. ट्रकवाले थांबून टपावर चढलेले. पुष्पा आली होती. सहा वर्षांत पहिल्यांदा.
इतिहास वाचला. एसटीच्या गोष्टीवर लोक हसले. मारोती विदेशात गेला म्हणल्यावर टाळ्या.
मी आत. मोहाडीसारखंच ठरवलं होतं. पण अडतिसावं चालू आहे, दम किती पुरन? पंधरा मिनिटांनी दोराले टेकलो, अन पाठीवर थाप बसली. दि.ची. मी हात देला नव्हता, त्यानंच घेतला. रेफरीनं मले बाहेर काढलं.
कोपऱ्यात उभा राहिलो. माझं काम तेच. कालियानं त्याले उचललं, पाय आभाळाकडं.
दि. त्याच्या पाठीवरून सरकला, मागं उतरला, पायात पाय घालून कालियाले उताणा पाडलं अन छातीवर बसला. असं ठरलंच नव्हतं. रेफरी गोंधळला, पण हात चालत गेला. एक. दोन. तीन.
लोक रिंगपर्यंत आले. वस्ताद आधी लाल झाले, मंग गर्दी पाहून माइक घेतला: पट्टा बादल-बिजलीकडंच! पुढचा मुकाबला फेब्रुवारीत, भंडाऱ्याले, लग्नानंतर नवरदेव पुन्हा रिंगमध्ये!
दि.नं उजवा हात वर केला. माझ्या कानात म्हणे, "पाहिलं ना भाऊजी? काही होत नाही."
पुष्पा रडून राहिली होती, आनंदानं. घरी येताना माझ्याशी बोलली. पुढच्या वेळी हिरवा शालू नेसून येईन म्हणाली.

५ जानेवारी, सोमवार
दि. आमच्याकडंच झोपला. सकाळी उठून बसला तो बसूनच. मान सरळ. पुष्पानं हाक मारली तर आख्खं अंग फिरवून पाहिलं.
"काय झालं रे?"
"वाकडा झोपलो, ताई."
ती तेल गरम करून आली. "दे इकडं मान, चोळून देतो. लहानपणी नाही का देत होती." अन त्याच्या मागं बसून तिनं हात लावला नाही तोच मी तिचं मनगट धरलं. जोरात. तेल सांडलं.
"हात लावू नोको."
तिनं माझ्याकडं पाहिलं. मंग भावाकडं. "काहून?"
दि.नं मले डोळ्यांनीच नाही म्हणलं. मान हलत नव्हती.
"काहून हात नाही लावायचा? दोघंही चूप काहून आहात?" ती आमच्या मधात बसली, वाटी मांडीवर. "आता बोला."
मी म्हणलं, लाखोरीच्या पिकात ढोरं शिरली वाटते, पाहून येतो.
वावराच्या धुऱ्यावर बसून लिहून राहिलो. ढोरं नाहीत. इथून घराचं दार दिसते. पुष्पा दारात येऊन उभी आहे. हाक मारत नाही. नुसती इकडं पाहून राहिली.