पेंटिंगमधली पांढरी जागा

४ नोव्हेंबर

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

तुझं पेंटिंग सुखरूप पोचलं. टेम्पोवाल्याने जिना चढताना ते डोक्यावर धरलं तेव्हा माझा जीव वरखाली झाला, पण कोपरे शाबूत आहेत. फोनच करणार होतो. पण फोनवर तू मला श्वास घेऊ देत नाहीस, म्हणून पत्र.

घरी सगळं ठीक. बाबांचा घसा पार बसलाय. डॉक्टरांनी पंधरा दिवस एक अक्षर बोलायचं नाही असं बजावलंय आणि दिवसातून दोनदा घशाला पेंट लावायला सांगितलाय. पहिल्या दिवशी डॉक्टरांनी स्वतःच काडीला कापूस गुंडाळून आत दोनचार फराटे मारले, तर बाबांनी खुणेने पाटी मागवून घेतली आणि त्यावर लिहून दिलं की हात एकाच दिशेने मारा, नाहीतर पोपडे निघतील. चाळीस वर्षं लोकांच्या भिंती रंगवलेला माणूस, घशात ब्रश गेला तरी गप्प कसा बसणार? दुसऱ्या दिवसापासून डॉक्टर एकाच दिशेने लावतात.

आपल्या घरात नुसतं पेंटिंग म्हटलं की कुणाचं ते विचारावं लागतं. तुझी भावजय परवा म्हणाली की पेंटिंग चालू आहे, दार तूच उघड. बघतो तर बाईसाहेब पायाची नखं लाल करत होत्या. लेकीला शाळेत कुणीतरी वाघ रंगवून पाठवलंय, तिने दोन दिवस तोंड धुतलेलं नाही. मला परगावच्या इस्पितळाचं काम मिळालंय, तीन मजले, आतून-बाहेरून.

हां, एक सहज विचारतो. तुझ्या चित्राच्या मधोमध, शिडीवर, जी पांढरी जागा सोडली आहेस, ती मुद्दामच ना? म्हणजे वेळ कमी पडला, रंग संपला, असं काही नाही ना? सहजच विचारलं. तू जेवत जा वेळेवर.

तुझ्या मायेवर जगणारा,
ठिपक्या

&nbsp;

७ नोव्हेंबर

चि. ठिपक्यास,
अनेक उ. आ.

तू जन्मात कधी मला जेवलीस का म्हणून विचारलेलं नाहीस. काय घडलंय ते मुकाट्याने लिही.

रंग संपला म्हणे! अरे, ती जागाच तर चित्र आहे. बाकी सगळं मी जीव ओतून काढलंय. खोलीच्या मधोमध गोळा करून चादरीखाली झाकलेलं सामान, बादलीच्या काठावरून ओघळलेला थेंब, अर्धी झालेली फिकट हिरवी भिंत. आणि शिडीवर माणूस आहे तिथे नुसतं कोरं कापड. आकार तेवढा आहे, डावा हात वर केलेला. डावखुरा रंगारी आपल्या घरात एकच आहे, हे तुला कळायला हरकत नव्हती.

अकरा वेळा मी बाबांचं तोंड काढून बघितलं. एकदा रागावलेले यायचे, एकदा मायाळू यायचे, आणि खरं कुठलं ते मलाच ठाऊक नव्हतं. ठाऊक कसं असणार? बारा वर्षं आमचा निरोप तुझ्या मार्फत जातो. माझ्या पहिल्या प्रदर्शनाला ते कामावरून तसेच आले होते, अंगभर चुना. मी कोपऱ्यात उभी राहून वाट बघत होते की आता माझ्या चित्रांवर काही बोलतील. त्यांनी चित्राशेजारच्या भिंतीवरून तळवा फिरवला, पुट्टी नीट बसलेली नाही असं तिथल्या माणसाला सुनावलं आणि निघून गेले. चित्रांवर एक शब्द नाही, रे. वाईट आहेत असं म्हणाले असते तरी चाललं असतं.

तर ती जागा पांढरीच राहणार. त्या पांढऱ्यावरच परीक्षकांनी फोटो बघून माझं चित्र निवडलं, इतक्या वर्षांत पहिल्यांदा. प्रदर्शन तुमच्या गावात आहे म्हणून चित्र तुझ्या हवाली केलं. नऊ तारखेला ते सभागृहात पोचव, आणि तोवर त्याला कुणाचं बोट लागू देऊ नकोस. सगळ्यात आधी बाबांचं.

आशीर्वाद देणारी (सध्या हात आखडता घेऊन),
ताई

&nbsp;

१० नोव्हेंबर

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

बसून वाच. पाणी जवळ ठेव.

बाबांनी रंगवलं.

चित्र आलं त्या दिवशी मी ते उघडून बाहेरच्या खोलीत टेकवून ठेवलं आणि दोन दिवस इस्पितळाच्या मापांना गेलो. परत येतो तर पांढरं गायब! शिडी आहे, बादली आहे, आणि माणसाच्या जागी तुझी तीच फिकट हिरवी भिंत. बाबा शेजारी खुर्चीवर बसून ब्रश धूत होते. तुझी भावजय सांगते की त्यांनी रंग अकरा वाट्यांत कालवला, प्रत्येकाचा ठिपका पुठ्ठ्यावर वाळवून तुझ्या रंगाशी ताडून बघितला आणि मगच हात लावला. वर मागून लाकडी चौकटीलाही ऑइलपेंटचा एक हात दिलाय, वाळवी लागू नये म्हणून.

मी ओरडलो. त्यांनी घशाकडे बोट दाखवलं आणि पाटीवर लिहिलं की जोड सापडला तर दाखव. ताई, खोटं कशाला बोलू, मी भिंग लावून शोधला. नाही सापडला. रागावलो असतानाही मनात म्हटलं, काय हात आहे म्हाताऱ्याचा!

मागच्या पत्रात तुला सांगणारच होतो, पण पाचावर धारण बसली होती. म्हटलं तू म्हणशील वेळ कमी पडला होता, बरं झालं, आणि मी सुटेन. नऊ तारखेला सभागृहात तसंच घेऊन गेलो. म्हटलं, कोणाला कळतंय? तिथले चिटणीस म्हणजे चष्म्यावर चष्मा लावणारा माणूस. त्यांनी निवडीचा फोटो काढला, चित्राशेजारी धरला आणि हे ते चित्रच नव्हे असं जाहीर केलं. मी म्हटलं की फोटोत उजेड जास्त पडला असेल. त्यांनी माझ्याकडे ज्या नजरेने बघितलं ती मी जन्मभर विसरणार नाही.

आता असं ठरलंय. सतरा तारखेच्या संध्याकाळपर्यंत चित्र फोटोसारखं झालं तर तुझी जागा तुझी. नाहीतर यादीतल्या पुढच्याला. चित्र त्यांच्या मागच्या खोलीत ठेवून घेतलंय. बाबांना यातलं काही सांगितलेलं नाही.

मारलंस तरी तुझाच,
ठिपक्या

&nbsp;

१३ नोव्हेंबर

चि. ठिपक्यास,

आशीर्वाद वगैरे आज काही नाही.

दोन दिवस मी घरातल्या भांड्यांशीसुद्धा बोललेले नाही. एका वाक्यात सांगते: बारा वर्षं त्या माणसाने माझ्या कामाकडे बघितलं नाही, आणि बघितलं तेव्हा त्यावर रंग मारला. एखादं डाग पडलेलं कपाट असावं तसं. वाळवी लागू नये म्हणे! माझं नाव लिहिलं होतं मागे चौकटीवर, ते तरी ठेवलंय का?

सतराला सकाळी येते. पत्ती आणि टर्पेंटाइन घेऊन येते आणि माझ्या हाताने तो रंग खरवडते. खालचा अस्तराचा थर त्याबरोबर निघाला तर कापड उघडं पडेल आणि चित्र कायमचं गेलं समज. पण दुसरा इलाज नाही. घरी उतरणार नाही, तडक सभागृहात जाईन. बाबांना घरी थोपवून ठेव. तेवढं एक काम तरी तुला जमू दे.

ताई

&nbsp;

१५ नोव्हेंबर

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

तेवढंही जमलं नाही.

तुझं पत्र मी टेबलावर ठेवून आंघोळीला गेलो. आलो तर बाबा ते वाचत होते. आधीचं पत्रही त्याखालीच होतं, तेही वाचलं. दोनदा वाचलं. मग उठून दाढी केली, कोट काढून उन्हात टाकला आणि जुन्या हत्यारांच्या डब्यातून लहान पातं काढून दगडावर घासत बसले. दुपारभर घासत होते. तुझ्या भावजयीने विचारलं की कुठे निघालात, तर कॅलेंडरवर सतरा तारखेला बोट ठेवलं.

मी आज संध्याकाळीच इस्पितळाच्या कामावर निघतोय. पळतोय असं म्हणू नकोस, पळतोच आहे. बारा वर्षं तुमच्या दोघांच्या मधे उभा राहून माझ्या अंगावर दोन्हीकडचे शिंतोडे आले, म्हणून तर ठिपक्या नाव पडलं असं मला हल्ली वाटायला लागलंय. तुझी भावजय त्यांना रिक्षाने सभागृहाच्या दारात सोडेल. पुढचं तुम्ही बघा. दोघांच्याही हातात पातं आहे, तेवढं लक्षात ठेव. आणि ताई, ते काय करायला येतायत ते मला खरंच माहीत नाही. सांभाळून घे.

भेदरलेला,
ठिपक्या

&nbsp;

१८ नोव्हेंबर, तुझ्याच घरातून

चि. ठिपक्यास,
अनेक उ. आ., मागच्या वेळचे राहिलेलेही धरून.

पळपुट्या, तू असायला हवा होतास!

मी मागच्या खोलीत पोचले तेव्हा चित्र टेबलावर आडवं ठेवलेलं होतं. मी तासभर पत्ती हातात धरून उभी होते. कुठून सुरुवात करू तेच कळेना, कारण जोड मलाही सापडला नाही. माझ्याच चित्रात, ठिपक्या! चिटणीस दर दहा मिनिटांनी येऊन घड्याळ बघत होते. तेवढ्यात कोट, मफलर आणि डब्यासकट बाबा आत आले. माझ्याकडे बघितलं नाही. मला कोपराने बाजूला सारलं आणि टेबलाशी बसले.

फोटो मी पुढे केला, तर तो त्यांनी उलटा करून ठेवला. डाव्या हातात पातं घेतलं आणि सरळ कापायला लागले. खांद्यावरून, वर केलेल्या दंडावरून, मनगटाच्या वळणावरून, न थांबता. माझी रेघ त्यांना तोंडपाठ होती. मग एका कोपऱ्यात नख घातलं आणि हिरवा रंग अख्खा उचलला, दुधावरची साय निघावी तसा. खाली माझं पांढरं जसंच्या तसं, एक ओरखडा नाही. मी तोंड उघडून बघत राहिले. त्यांनी बोट ओलं करून त्या पांढऱ्यावर घासलं आणि मला दाखवलं. फेस आला. खाली आधी साबणाच्या पाण्याचा हात दिला होता, रे. गिऱ्हाइकाला भिंतीवर रंगाचा नमुना दाखवायचा असला की ते असंच करायचे. आवडला तर ठेवा, नाहीतर काढून टाका. ओल्या फडक्याने दोनदा पुसलं आणि झालं.

चिटणिसांनी फोटोशी तीन-तीनदा ताडून बघितलं, सही केली आणि चित्र उचलून न्यायला लावलं. मी मात्र माझं चित्र ओळखते. पोटापाशी दोन बोटं भिंत तशीच राहिली होती. चित्र उचलत असतानाच मी तिकडे बोट दाखवलं, तर पंधरा दिवसांनी त्यांच्या घशातून पहिलं वाक्य आलं. फाटक्या आवाजात म्हणाले की माझं पोट एवढं नाही. मी म्हटलं की एवढंच आहे, मी मापून काढलंय. ते म्हणाले की मापात चुकणं तुझी जुनी खोड आहे. चिटणिसांनी आम्हाला आवाज हळू करायला सांगितला. बारा वर्षांनी आम्ही भांडत होतो, आणि मला इतकं बरं वाटत होतं की मी तिथल्या खुर्चीत बसून हसता हसता रडले.

मग मी सरळ विचारलं की शिडीवर तुम्हीच आहात हे कळलं होतं, तर झाकलंत का. डबा आवरत आवरत बोलले. म्हणाले, तू बादलीचा थेंबसुद्धा काढलास आणि मला तेवढं सोडलंस. वाटलं की मी तुला नकोच. म्हटलं, नको तर नको, निदान तुझी भिंत तरी पुरी होऊ दे, लोक अर्धी भिंत बघून तुला नावं ठेवतील. पण मग वाटलं की उद्या तुला हवा झालो तर? म्हणून खाली साबण.

पहिल्या प्रदर्शनाचं मी काढलंच नाही, त्यांनीच काढलं. माझं पत्र वाचलं होतं ना. म्हणाले की त्या दिवशी चित्रांकडे नीट बघितलं असतं तर चुन्याने भरलेल्या अंगाने सगळ्यांच्या देखत रडलो असतो, म्हणून भिंत बघत होतो. घरी येऊन तुला सांगायचं होतं, पण तू आलीच नाहीस. आणि मग डोळे पुसून हे पण म्हणाले की भिंत मात्र खरोखरच वाईट होती.

ठिपक्या, बारा वर्षं मी काय म्हणून वाया घालवली? मी घरी आले असते एक दिवस, तर काय बिघडलं असतं? याचं उत्तर तू देऊ नकोस, मी मोठी आहे.

काल माझ्या भावजयीने नवी चादर काढली आणि मी इथेच राहिले. परतीचं तिकीट रद्द केलंय. चित्र लागलंय, प्रवेशद्वारासमोरच्या भिंतीवर. आज सकाळी मी बाबांना म्हटलं की तुमचं तोंड काढायचंय, वेळ द्याल का. तर म्हणाले की बघू, कामं आहेत. कसली कामं ते मी विचारलं नाही.

आणखी पुष्कळ लिहायचं होतं, पण आवरतं घेते. इस्पितळाचं काम चोख कर आणि शनिवारी वेळेवर घरी ये. बाबा कोट घालून, भांग पाडून, समोर खुर्चीत येऊन बसलेत. हलू नका म्हणून दोनदा सांगितलं, तरी पोट आत घेतायत.

माया आहेच, तुझ्या वाट्याची वेगळी ठेवलीय.
तुझी,
ताई