शोकेसमधला चेंडू

हुडकेश्वर, ६ जुलै २०२५

ती. हर्षाताईस,
सा. न. वि. वि. फोनवर तुझ्या घरचे सगळेच ऐकतात, म्हणून पार्सलमध्ये चिठ्ठी टाकून काटोलच्या बसमध्ये देत आहे.

बुंदीसाठी जाड रबराचा चेंडू पाठवला आहे. दुकानात नख रुतवून पाहिले, तुकडा निघत नाही. तिच्या तोंडात पूर्ण जाणार नाही, एवढा मोठा घेतला. शिट्टीवाला घेतला नाही. पिल्लू शिट्टी उकरून गिळते. तिचे दात येत आहेत, बटणे आणि मोजे दूर ठेव. इथला घरमालक कुत्रे येऊ देत नाही. दुसरी खोली मिळाली की तिला घेऊन येईन. तोवर आम्हा दोघांवर माया ठेव.

तुझा अंकित

काटोल, १३ जुलै

चि. अंकितास अनेक आशीर्वाद.
चेंडू मामंजींना इतका आवडला, की त्यांनी तो कागदासकट शोकेसमध्ये ठेवला, आपल्या उन्नतीला शाळेत मिळालेल्या कपाशेजारी. एवढी महागाची वस्तू कुत्र्याच्या तोंडात काहून द्यायची, पाहुण्यांना दिसू दे, म्हणाले. बुंदी खुशीत आहे. उन्नतीची जुनी कापडी बाहुली ओढत अंगणभर फिरून राहिली आहे. तुझे भाऊजी म्हणतात, अंकितने एवढी चौकशी स्वतःच्या लग्नासाठी केली असती, तर आतापर्यंत घरात पाळणा हलला असता. जेवत जा वेळेवर.

तुझी ताई

हुडकेश्वर, १६ जुलै

ती. ताईस सा. न.
आईने उन्नतीच्या बारशाला शिवलेली, तीच बाहुली ना? तिचे डोळे कोटाच्या बटणांचे आहेत. आजच काढून घे. मामंजींना सांग, शोकेससाठी दुसरा चेंडू पाठवतो.

खोली मिळाली. घरमालक महादेवराव म्हणाले, आण गा कुत्रे, चोर तरी भिईल. अंगणाला कुंपण आहे. रविवारी बुंदीला न्यायला येतो. रागावू नकोस.

अंकित

काटोल, १९ जुलै

चि. अंकितास आशीर्वाद.
तुझी चिठ्ठी आली, तेव्हा बाहुलीला एकच डोळा उरला होता.

बुंदी ओकत होती. जनावरांच्या डॉक्टरकडे नेऊ का, म्हटले. मामंजी म्हणाले, कुत्र्याची जात, ओकले की बरे होते. मी तिला नेले नाही. काल ती गेली. तुझ्या भाऊजींनी बागेच्या कडेला पुरली. मी चेंडू परत पाठवायला मागितला, तर मामंजी म्हणाले, राहू दे, शोभून दिसते.

उद्या आलास तर कोणाला काही बोलू नकोस. मला इथेच राहायचे आहे.

ताई

हुडकेश्वर, २१ जुलै

ती. ताईस सा. न.
काल तुझ्या सांगण्याप्रमाणे चहा घेऊन निघालो. तू आत होतीस, तेव्हा मामंजींनी मला शोकेस उघडून दाखवले. म्हणाले, पाह्य गा, तुही वस्तू किती जपून ठेवली. मी म्हणालो, हो, अगदी नवा दिसतो.

कागदालासुद्धा सुरकुती नव्हती.

माझ्यावरचा लोभ तेवढा वापरात राहू दे.

अंकित